फिरदौसच्या कोठडीबाहेर

इजिप्तच्या लेखिका नवल अल् सादावी २१ मार्च २०२१ रोजी कैरोत वारल्या, तेव्हा त्यांच्याबद्दल 'बंडखोर', 'निर्भय' अशी विशेषणं छापून आली. ती खोटी नव्हेत. स्त्रियांच्या लैंगिकतेवर लिहिलं म्हणून १९७२ मध्ये त्यांची आरोग्य मंत्रालयातली नोकरी गेली. १९८१ मध्ये सादत सरकारनं त्यांना तुरुंगात टाकलं, तर भुवया कोरायच्या पेन्सिलीनं त्यांनी टॉयलेट पेपरवर आठवणी लिहिल्या. पण मला त्यांच्याकडून शिकावंसं वाटतं ते ऐकणं.

१९७४ मध्ये ही मनोविकारतज्ज्ञ डॉक्टरबाई स्त्रियांवरच्या संशोधनासाठी कनातिर तुरुंगात गेली. तिथे खुनासाठी फाशीची शिक्षा झालेली एक वेश्या भेटली. तिच्यावरून 'शून्य बिंदूवरची बाई' अशा अर्थाच्या नावाची कादंबरी आली. कादंबरीतली फिरदौस डॉक्टरला भेटायलाच नकार देते. राष्ट्राध्यक्षांकडे दयेचा अर्ज करायलाही ती तयार नाही. डॉक्टर खेटे घालते, अपमानानं खचते, परत निघते. तेव्हा कुठे फिरदौस बोलावते. मध्ये तोंड घालायचं नाही, असं बजावते. डॉक्टर कोठडीतल्या जमिनीवर बसून ऐकते. बाप, काका, म्हातारा नवरा, दलाल, सगळा हिशेब मग फिरदौसच मांडते.

एम.एस.डब्ल्यू.ला आम्ही मुलाखतीचं तंत्र शिकलो. 'सहकार्य करत नाही' हा शेरा मीही केसपेपरवर मारला आहे. तिनं आपल्याशी का बोलावं, हा रकाना मात्र त्या कागदावर नव्हता! सादावींनी आपल्या हुद्द्याला लागलेली ही ठेच लपवली नाही, कादंबरीची सुरुवातच तिथून केली.

काहीजणी म्हणतात, फिरदौसच्या तोंडची भाषा लेखिकेचीच आहे, अशी बाई इतकं राजकीय बोलेल कशी? लेखिकेचा हात तिथे आहेच, कादंबरीच ती. पण 'अशी बाई' म्हणजे कशी, हे आपण आधीच ठरवून बसलेलो असतो त्याचं काय? शिबिरांतून आपण बायकांच्या कहाण्या सांगतो, त्यातली रडणारी बाई आपल्याला सोयीची वाटते. हिशेब मागणारी आली की आपण चाचरतो.

त्या खऱ्या बाईला १९७४ संपता संपता फाशी झाली. सात वर्षांनी सादावी स्वतः कैदी म्हणून त्याच तुरुंगात गेल्या. तिथल्या बायकांच्या चेहऱ्यांत आपण तिलाच शोधत राहायचो, असं त्यांनी लिहून ठेवलं आहे.