काम कायमचे, माणूस मात्र हंगामी: थकबाकीचा हक्क कसा मिळतो?

रात्री आगारात आलेली एसटी सकाळच्या पहिल्या फेरीला झाडून-धुऊन निघते. हे काम रोजचे आणि बारमाही. तरीही १९८० ते १९८५ या काळात एसटी महामंडळाने ज्यांना या कामावर घेतले, ते कागदावर वर्षानुवर्षे रोजंदारीचेच राहिले. मजुरी मिळायची ती गाडीमागे मोजून. महामंडळात स्वच्छकाची पदे होती, पण ती या माणसांसाठी नव्हती. त्यांच्यासाठी कास्ट्राईब राज्य परिवहन कर्मचारी संघटना औद्योगिक न्यायालयात गेली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोहोचले आणि ऑगस्ट २००९ मध्ये निकाल कामगारांच्या बाजूने लागला. आपल्या चळवळीतून उभ्या राहिलेल्या संघटनेने मिळवलेला हा निकाल आज किती तरुण कार्यकर्त्यांना माहीत आहे?

तो माहीत असायला हवा, कारण कोणत्याही कार्यालयात हंगामी कामगाराला पहिले उत्तर मिळते ते ‘उमादेवी’चे. १० एप्रिल २००६ च्या त्या निकालात घटनापीठाने सांगितले की, रीतसर भरतीशिवाय लागलेल्यांना केवळ सेवा दीर्घ झाली म्हणून कायम करता येणार नाही. मात्र त्याच निकालात, मंजूर पदावर न्यायालयाच्या आदेशाशिवाय दहा वर्षे काम केलेल्या पात्र कामगारांना एकदाच नियमित करण्याची प्रक्रिया सहा महिन्यांत सुरू करा, असेही म्हटले होते. प्रशासनाने पहिले वाक्य पाठ केले आणि दुसरे विसरले. कास्ट्राईबच्या निकालाने याला उत्तर दिले. महाराष्ट्राच्या १९७१ च्या कामगार कायद्यानुसार, कायमपणाचे लाभ नाकारण्याच्या हेतूने माणसांना वर्षानुवर्षे हंगामी ठेवणे ही अनुचित प्रथा आहे. पद अस्तित्वात असेल तर औद्योगिक न्यायालय कायम करण्याचा आदेश देऊ शकते. उमादेवी निकालाने तो अधिकार गेलेला नाही.

इथे एक अवघड प्रश्न आहे आणि तो आपण टाळू नये. मागल्या दाराने लागलेल्यांना कायम केले तर बिंदुनामावलीचे काय? आरक्षित जागेची वाट पाहणाऱ्या आपल्याच मुलामुलींवर अन्याय होत नाही का? आमचे मत असे की, झाडूकाम, गटारसफाई, कचरा वाहतूक अशा कामांत दार मागचे होते ते मालकाच्या सोयीसाठी. तिथे वशिल्याने कोणी शिरले नव्हते. भरती न करण्याचा निर्णय प्रशासनाचा, त्याची शिक्षा कामगाराला का? म्हणून दोन्ही मागण्या एकत्र हव्यात: राबणाऱ्यांना कायम करा आणि पुढची प्रत्येक जागा बिंदुनामावलीप्रमाणे, जाहिरात देऊनच भरा.

अलीकडचे निकाल याच दिशेने आहेत. डिसेंबर २०२४ मध्ये केंद्रीय जल आयोगातील सफाई कामगार व माळी नियमित झाले. सेवा अखंड धरली गेली, पण काम नसलेल्या काळाचा पगार मिळाला नाही. जानेवारी २०२५ मध्ये गाझियाबाद महापालिकेच्या माळ्यांना निम्मा मागील पगार मिळाला. ऑगस्ट २०२५ मध्ये उत्तर प्रदेशातील रोजंदारी कर्मचाऱ्यांना २००२ पासून नियमित धरून फरक देण्याचा आदेश झाला. सरकार पैशाची टंचाई सांगून कायमचे काम हंगामी माणसांकडून करून घेऊ शकत नाही, हे तिथे न्यायालयाने स्पष्ट केले. या तीन निकालांवरून एक गोष्ट लक्षात घ्यावी: कायमपणा मिळाला म्हणजे थकबाकी आपोआप मिळत नाही. ती वेगळी मागावी लागते, आणि कोणत्या तारखेपासून, तेही सिद्ध करावे लागते.

इथेच आपली माणसे मागे पडतात. मुंबई महापालिकेच्या २,७०० कंत्राटी सफाई कामगारांना कायम करण्यावर एप्रिल २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शिक्कामोर्तब केले. तरी नावाच्या स्पेलिंगमधील फरकासारख्या कारणांनी अनेकांना पुढेही ताटकळावे लागले. वस्तीत काम करताना आम्हीही हेच पाहतो. बारा-पंधरा वर्षे राबलेल्या बाईकडे हजेरीचा एकही कागद नसतो. आधारवर एक नाव, भविष्य निर्वाह निधीच्या नोंदीत दुसरे. ठेकेदार बदलला की नोंद नव्याने सुरू.

बाबासाहेबांनी महापालिकेच्या कामगारांची संघटना बांधली, कारण एकट्या कामगाराचे कोणी ऐकत नाही हे त्यांना ठाऊक होते. आज शिकलेल्या प्रत्येक तरुणाने आपल्या वस्तीतल्या पाच कामगारांची एक फाईल करावी: हजेरीच्या प्रती, ओळखपत्र, बँकेतील पगाराच्या नोंदी, गणवेशातला तारखेसह फोटो, माहिती अधिकारात मागवलेली मंजूर पदांची यादी. नावातल्या चुका आत्ताच दुरुस्त कराव्यात. विहारातली रविवारची एक दुपार या कामाला पुरेशी आहे. निकाल लागेल त्या दिवशी कागद शोधायला वेळ नसेल.