गाडी पुसताय की घासताय?

कोणत्याही सोसायटीच्या पार्किंगमध्ये सकाळी सहाला एकच दृश्य दिसते: जेमतेम ओल्या फडक्याने एकामागून एक गाड्या पुसल्या जात असतात. गाडी चकचकते, मालक खूश. पण उन्हात बॉनेटकडे तिरके पाहा. कोळ्याच्या जाळ्यासारखे बारीक, गोलाकार ओरखडे दिसतील. ते बहुतेकदा रस्त्यावर नव्हे, पुसतानाच पडतात.

नेमके काय होते?
रंगावर ‘क्लिअर कोट’ हा पारदर्शक थर असतो. त्याची जाडी साधारण ४० ते ५० मायक्रॉन, म्हणजे सर्वसाधारण केसाहूनही कमी. धुळीतले वाळूचे कण या थरापेक्षा कठीण. त्यावर कोरडे फडके फिरवणे म्हणजे पॉलिश पेपर घासणेच.

मग धुवायची कशी?
• गाडी सावलीत आणि बॉनेट थंड झाल्यावरच धुवा. उन्हात शाम्पू वाळून डाग धरतो.
• आधी साधे पाणी ओतून धूळ, चिखल सुटू द्या.
• दोन बादल्या घ्या. एकीत कार शाम्पू, दुसरीत साधे पाणी. फडके दर वेळी साध्या पाण्यात खळबळून मगच शाम्पूत बुडवा.
• टपापासून खाली या. चाके शेवटी, वेगळ्या फडक्याने.
• स्वच्छ मायक्रोफायबर टॉवेलने लगेच टिपून घ्या. बोअरच्या पाण्यातले क्षार वाळले की पांढरे ठिपके राहतात.

हे टाळा
भांड्यांच्या साबणाने रंगावरचे वॅक्स निघून जाते. पक्ष्यांची विष्ठा आम्लयुक्त असते. ती खरवडू नका. ओले कापड थोडा वेळ ठेवून मऊ करा आणि अलगद उचला. जमिनीवर पडलेले फडके धुतल्याशिवाय गाडीला लावू नका.

प्रश्न पाण्याचा
टँकरवर जगणाऱ्या सोसायट्यांत रोज पाइप लावणे परवडणारे नाही, योग्यही नाही. त्याची गरजही नाही. नुसती साचलेली कोरडी धूळ रंगाचे फारसे बिघडवत नाही. तिला घासणे बिघडवते. म्हणून रोज पुसण्यापेक्षा आठवड्यातून एकदा बादलीने नीट धुणे गाडीच्याही हिताचे आणि पाण्याच्याही.

ओरखड्यांचा दोष पुसणाऱ्याला देणे सोपे आहे. पण एका बादलीत आणि एका फडक्यात सकाळभर गाड्या उरकायला लावणारे आपणच असतो. रोजच्या चकचकाटाचा हट्ट सोडून त्याला दोन बादल्या, चांगली फडकी आणि पुरेसा वेळ द्या. पॉलिशच्या खर्चापुढे हा खर्च किरकोळच ठरेल.