हसऱ्या सदिच्छादूताचा नकार

अमेरिकेतील न्यू ऑर्लीन्स शहराच्या आंतरराष्ट्रीय विमानतळाला २००१ सालापासून लुई आर्मस्ट्राँग यांचे नाव आहे. जॅझ संगीतातील या श्रेष्ठ ट्रंपेटवादकाचा जन्म याच शहरातला. जन्मशताब्दीच्या निमित्ताने शहराने आपल्या पुत्राचा हा गौरव केला. तो उचितच आहे. परंतु याच शहरात जवळजवळ नऊ वर्षे आर्मस्ट्राँग यांनी कार्यक्रम केला नव्हता, हे त्या विमानतळावर उतरणाऱ्या प्रवाशांपैकी थोड्यांनाच ठाऊक असेल. १९५६ साली लुइझियाना राज्याने गौर व कृष्णवर्णी कलावंतांनी एकत्र कार्यक्रम करण्यास कायद्याने मनाई केली. आर्मस्ट्राँग यांच्या वाद्यवृंदात दोन्ही वर्णांचे वादक होते. वर्ण पाहून साथीदार निवडण्यापेक्षा जन्मगावाकडे पाठ फिरवणे त्यांनी पत्करले. १९६४ चा नागरी हक्क कायदा झाला आणि त्यानंतर १९६५ साली ते तेथे परतले.

ही हकीकत आठवण्याचे कारण असे की, आर्मस्ट्राँग यांच्याविषयी त्यांच्या हयातीतच एक मत रूढ झाले होते आणि ते अद्यापि पुरते पुसले गेलेले नाही. रुंद हास्य, गरागरा फिरणारे डोळे, हातातील पांढरा रुमाल, श्रोत्यांना खूश करण्याची अखंड धडपड, हे सारे म्हणजे गोऱ्या मालकासमोर वाकणाऱ्या गुलामाचेच नवे रूप होय, असा आक्षेप तरुण कृष्णवर्णी कलावंत आणि लेखक घेत असत. ‘अंकल टॉम’ ही शिवी त्यांना अनेकदा ऐकावी लागली. हा आक्षेप निखालस खोटा होता, असे म्हणता येणार नाही. तथापि एखाद्या माणसाची मान किती ताठ आहे हे त्याच्या चेहऱ्यावरून ठरवू गेल्यास केवढा अन्याय होतो, याचे आर्मस्ट्राँग यांच्याइतके बोलके उदाहरण विरळा.

आपला जन्म ४ जुलै १९०० रोजी झाला, असे ते आयुष्यभर सांगत आले. अमेरिकेचा स्वातंत्र्यदिन हाच त्यांनी आपला जन्मदिन मानला होता. बाप्तिस्म्याच्या नोंदीवरून खरी तारीख ४ ऑगस्ट १९०१ असल्याचे पुढे, त्यांच्या मृत्यूनंतर, उघड झाले. वडील घर सोडून गेलेले, आई कष्ट करून पोट भरणारी, वस्ती शहरातील सर्वांत बदनाम. लिथुआनियातून आलेल्या एका ज्यू कुटुंबाच्या भंगाराच्या गाडीवर हा मुलगा काम करी. पहिले कॉर्नेट घेण्यासाठी पैसे उसने मिळाले ते याच कुटुंबाकडून. त्या ऋणाची आठवण म्हणून त्यांनी गळ्यात दाऊदचा तारा वागवला. १९१२ सालच्या अखेरच्या रात्री नववर्षाच्या उल्हासात हवेत पिस्तूल झाडल्याबद्दल पोलिसांनी त्यांना पकडले आणि कृष्णवर्णी मुलांच्या सुधारगृहात धाडले. तेथील बँडमध्ये त्यांना वादनाचे पहिले पद्धतशीर शिक्षण मिळाले. शिक्षेतून विद्या मिळावी, हा योग त्यांच्या वाट्याला असा आला.

१९२२ साली गुरू जो ऑलिव्हर यांच्या बोलावण्यावरून ते शिकागोला गेले. पुढील सहा वर्षांत त्यांनी जे केले त्याने या संगीताचे स्वरूपच पालटले. तोवर जॅझ म्हणजे प्रामुख्याने सर्व वादकांनी मिळून विणलेला गोफ होता. त्यातून एकेकट्या वादकाने पुढे येऊन, धून हाताशी धरून, आपल्या प्रतिभेने तिचा विस्तार करायचा, ही रीत आर्मस्ट्राँग यांच्या ‘हॉट फाइव्ह’ आणि ‘हॉट सेव्हन’ या वाद्यवृंदांच्या ध्वनिमुद्रिकांनी दृढ केली. आपल्याकडील श्रोत्याला याचे मर्म ‘उपज’ या एका शब्दाने कळेल. १९२८ सालच्या ‘वेस्ट एंड ब्लूज’ या ध्वनिमुद्रिकेच्या आरंभी ते एकटेच ट्रंपेट वाजवतात. तो तुकडा पंधरा सेकंदांचाही नाही. परंतु त्यातील लयीची मोकळीक आणि स्वरांची झेप पुढील पिढ्यांतील वादकांनी गुरुमंत्रासारखी घोकली. त्या स्वरांचे पडसाद मुंबईपर्यंत पोहोचले. मूळचे गोव्याचे अंतोनियो झेवियर वाझ, अर्थात चिक चॉकलेट, यांना ‘भारताचे लुई आर्मस्ट्राँग’ म्हणत. सी. रामचंद्र यांच्या ‘अलबेला’ या १९५१ सालच्या चित्रपटातील संगीतात त्यांच्या वाद्यवृंदाचा जोश आजही ऐकू येतो.

दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकेला जगापुढे आपली लोकशाही मिरवायची होती, आणि सोव्हिएत प्रचार तर तिच्या वर्णभेदावर नेमके बोट ठेवत होता. या अडचणीवर परराष्ट्र खात्याने शोधलेला एक उतारा म्हणजे जॅझ. कृष्णवर्णी वादक सरकारी खर्चाने देशोदेशी पाठवले जाऊ लागले. १९५६ साली आर्मस्ट्राँग आजच्या घानात गेले, तेव्हा त्यांच्या स्वागताला प्रचंड जनसमुदाय लोटला होता. त्यांच्याइतका लोकप्रिय दूत कोणत्याही वकिलातीपाशी नव्हता. साहजिकच सोव्हिएत युनियनच्या दौऱ्यासाठी त्यांचेच नाव पुढे आले.

परंतु सप्टेंबर १९५७ मध्ये आर्कान्सा राज्यातील लिटल रॉक येथे नऊ कृष्णवर्णी विद्यार्थ्यांना शाळेत पाऊल ठेवू न देण्यासाठी गव्हर्नर ऑर्व्हल फॉबस यांनी राज्याचे सशस्त्र सैनिक उभे केले. आर्मस्ट्राँग तेव्हा नॉर्थ डकोटातील ग्रँड फोर्क्स या गावी कार्यक्रमासाठी आले होते. भेटीला आलेल्या एका तरुण वार्ताहरापाशी त्यांनी आपला संताप मोकळा केला. फॉबस यांची त्यांनी अडाणी म्हणून संभावना केली, अध्यक्ष आयसेनहॉवर दुतोंडी आहेत आणि त्यांच्यात धमक नाही असे सांगितले, आणि आपल्या लोकांना असे वागवणाऱ्या सरकारच्या वतीने रशियाला जाण्यास साफ नकार दिला. संपादकाला हे खरे वाटेना. वार्ताहर मजकूर घेऊन पुन्हा त्यांच्याकडे गेला, तेव्हा त्यांनी एक शब्दही कमी न करता त्यावर मान्यतेची सही केली. त्यांच्या व्यवस्थापकाने सारवासारव करून पाहिली; ती त्यांनी स्वतःच खोडून काढली.

याची किंमत त्यांना मोजावी लागली. त्यांच्या कार्यक्रमांवर बहिष्कार घालण्याची भाषा झाली, दक्षिणेत त्यांच्या ध्वनिमुद्रिका वाजवणे बंद करण्याचे प्रकार घडले. पण अधिक खेदाची गोष्ट अशी की, स्वजनांपैकीही सर्वांनी त्यांना साथ दिली नाही. सॅमी डेव्हिस यांच्यासारख्या कृष्णवर्णी कलावंताने, इतके दिवस गप्प का होतात, असा उलट सवाल केला. काही दिवसांतच आयसेनहॉवर यांनी लिटल रॉकला लष्कर पाठवले, आणि आर्मस्ट्राँग यांनी तार करून त्यांचे अभिनंदन केले. कठोर शब्द वापरणारा माणूस द्वेष्टा नव्हता, याची ही खूण.

आर्मस्ट्राँग यांनी तडजोडी केल्या नाहीत असे नव्हे. चित्रपटांतील विदूषकी भूमिका त्यांनी स्वीकारल्या, व्यवहाराची सूत्रे गौर व्यवस्थापकाच्या हाती सोपवली आणि नागरी हक्कांच्या मोर्चांत ते चालले नाहीत. मार मुखावर बसेल आणि मग ट्रंपेट कसे वाजवणार, हा त्यांचा प्रश्न होता. तो भित्रेपणाचा वाटला तर वाटो. ओठ हीच ज्याची उपजीविका त्याच्या दृष्टीने तो खराच होता. आणि १९६५ साली सेल्मा येथे मोर्चेकऱ्यांवर लाठ्या पडल्या, तेव्हा कोपनहेगनमध्ये बोलताना, येशू ख्रिस्त काळा असता आणि मोर्चात चालला असता तर त्यालाही यांनी मारले असते, असे सांगण्यास ते कचरले नाहीत.

त्यांच्यावर कडाडून टीका करणाऱ्यांत दुसरे थोर ट्रंपेटवादक डिझी गिलेस्पी होते. १९७९ साली प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्रात त्यांनी आपली चूक कबूल केली. ज्याला आपण लाचारी समजलो तो वस्तुतः आपला आनंद कोणालाही हिरावू न देण्याचा निर्धार होता, असा त्यांच्या कबुलीचा आशय आहे. दुर्दैव इतकेच की, ती वाचण्यास आर्मस्ट्राँग नव्हते. ६ जुलै १९७१ रोजी न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातील आपल्या साध्या घरी त्यांचे निधन झाले होते.

कलावंताने प्रत्येक अन्यायाविरुद्ध जाहीरनामा काढलाच पाहिजे, असा आग्रह धरणारे आणि त्याने फक्त रंजन करावे, असे बजावणारे, दोघेही त्याला आपल्या सोयीचे बाहुले समजत असतात. आर्मस्ट्राँग यांनी दोघांचेही मानले नाही. ज्याला सर्वांत मोठ्या दौऱ्याचे निमंत्रण होते आणि ज्याचे नुकसानही मोठे होणार होते, त्याने योग्य क्षणी ‘नाही’ म्हटले आणि ते मागे घेतले नाही. न्यू ऑर्लीन्सने विमानतळाला नाव देऊन वादकाचे ऋण फेडले. त्या नकाराचे ऋण अमेरिकेने फेडले की नाही, हा प्रश्न मात्र अजून शिल्लक आहे.