विश्लेषण : शहर गमावलेल्या ‘काराबाग’ क्लबची गोष्ट काय सांगते?
अझरबैजानच्या ‘काराबाग’ फुटबॉल क्लबने १९९३ मध्ये राष्ट्रीय विजेतेपद पटकावले. त्याच वर्षी जुलैमध्ये क्लबचे शहर अग्दाम आर्मेनियाई फौजांच्या ताब्यात गेले. वस्ती ओस पडली, मैदान उद्ध्वस्त झाले. क्लब राजधानी बाकूत स्थिरावला आणि २०१७ मध्ये चॅम्पियन्स लीगची गटफेरी गाठणारा देशातील पहिला संघ ठरला. विस्थापितांसाठी हरवलेल्या शहराची तीच ओळख उरली होती. २०२० मध्ये अग्दाम अझरबैजानला परत मिळाले. मात्र २०२३ मध्ये नागोर्नो-काराबागमधून एक लाखाहून अधिक आर्मेनियाई नागरिकांना घरदार सोडावे लागले. त्यामुळे ही कथा केवळ विजयगाथा म्हणून वाचणे अपुरे ठरेल. मैदान पुन्हा बांधता येते. उठलेली वस्ती सहसा परत बसत नाही, मग ती कोणत्याही बाजूची असो.