तीस ग्रॅमच्या आत काय आहे?

बारशाला हमखास येणाऱ्या भेटींपैकी एक म्हणजे पारदर्शक झाकणाचा तो खोका. साबण, शाम्पू, तेल, पावडर, लोशन आणि क्रीम अशा सहा वस्तू त्यात ओळीने मांडलेल्या असतात. देणाऱ्याची माया खरी असते. पण दीड-दोन महिन्यांच्या तान्ह्याला या सहांपैकी फार तर दोन वस्तू लागतात. बाकीच्या अंगाला लागतात त्या खोक्यात होत्या म्हणून. ‘बाळासाठी कोणती कंपनी चांगली?’ हा प्रश्न घरोघरी विचारला जातो, मेडिकलच्या काउंटरवरही विचारला जातो, आणि त्याचं उत्तर बहुतेक वेळा दुसऱ्या एखाद्या कंपनीचं नाव असतं. माझ्या मते या प्रश्नाला दोन उत्तरं आहेत आणि दोन्हींत कंपनीचं नाव येत नाही. पहिलं उत्तर घराने द्यायचं: जितक्या कमी वस्तू, तितकं बरं. दुसरं उत्तर सरकारने द्यायचं: बाळाच्या अंगाला लागणाऱ्या प्रत्येक वस्तूत काय आहे, हे पाकीट कितीही लहान असलं तरी त्यावर लिहायला लावायचं. आज लहान पाकिटावर ते नसलं तरी चालतं, आणि सर्वांत लहान पाकीट घेणाऱ्या घराला सर्वांत कमी माहिती मिळते.

आधी घराचं पाहू. बाळाची कातडी म्हणजे मोठ्यांच्या कातडीची छोटी आवृत्ती नव्हे. तिचा वरचा, राखणदारी करणारा थर अजून पातळ असतो. वजनाच्या मानाने बाळाच्या अंगाचं क्षेत्रफळ मोठ्या माणसाच्या दुपटीहून अधिक असतं, म्हणजे लावलेल्या पदार्थाचा अंशही त्या मानाने अधिक आत जाऊ शकतो. जन्मतः कातडीचा पीएच उदासीन, म्हणजे सातच्या आसपास असतो आणि पुढच्या काही आठवड्यांत तो उतरत पाच-सहाच्या दरम्यान येतो. ही सौम्य आम्लताच जंतूंना दूर ठेवते आणि वरचा थर घट्ट विणायला मदत करते. आपला नेहमीचा अंगाचा साबण मात्र नऊ-दहा पीएचचा, म्हणजे चांगलाच अल्कलीधर्मी असतो. रोज दोन वेळा साबण चोळून न्हाऊ घातलं की जी घडी बसत असते तीच आपण विसकटतो. इंडियन अकॅडमी ऑफ पेडियाट्रिक्स या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने २०२१ साली नवजात बाळाच्या त्वचेविषयी एकमताने शिफारशी प्रसिद्ध केल्या, त्यांचा सूरही हाच आहे. पहिली आंघोळ शक्यतो चोवीस तासांनंतर घाला. आंघोळ पाच-दहा मिनिटांत आटपा. साबणाऐवजी आम्लधर्मी किंवा उदासीन पीएचचा द्रव वापरलेला बरा. नाळेला काहीही लावू नका. लंगोटाची जागा कोरडी ठेवा. नीट पाहिलं तर यातल्या बहुतेक सूचना काहीतरी न करण्याच्या आहेत.

आपल्याकडे हे न करणं सर्वांत अवघड जातं ते पावडरीच्या बाबतीत. भाईंदर पूर्वेचं खारी असो की खाडीकाठचा दुसरा कुठलाही भाग, एप्रिल-मेची आणि ऑक्टोबरची दमट हवा बाळाच्या मानेवर, पाठीवर घामोळ्या आणतेच. घामोळ्या दिसल्या की हात पावडरच्या डब्याकडे जातो. पण घामोळं येतं ते घामाच्या बारीक नळ्या तुंबल्यामुळे, आणि घामाने ओल्या अंगावर पावडर टाकली की मानेच्या घडीत तिचा चिखल होतो. त्यावर उपाय म्हणजे एक कपडा कमी, वारा जास्त, ओल्या मऊ फडक्याने पुसणं आणि कोरडं करणं. याला पैसे पडत नाहीत, म्हणून कदाचित त्याची जाहिरातही होत नाही. पावडरीतला खरा धोका तर कातडीच्या पलीकडचा आहे. डबा झटकला की उडणारी धूळ बाळ श्वासावाटे आत घेतं, आणि डबा त्याच्याच हाती खेळायला दिला असेल तर फुप्फुसात जाणारी मात्रा गंभीरही ठरू शकते. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने जुलै २०२४ मध्ये टाल्कला ‘बहुधा कर्करोगकारक’ गटात टाकलं. त्या वर्गीकरणातला माणसांविषयीचा पुरावा मुख्यतः मोठ्या स्त्रियांच्या वापराचा आहे, तान्ह्या बाळांचा नाही, हे प्रामाणिकपणे सांगायला हवं. पण जी वस्तू लागतच नाही, तिच्यासाठी एवढासा धोकाही का पत्करायचा?

पावडरीचा विषय निघाला की महाराष्ट्रातलंच एक प्रकरण डोळ्यांपुढे येतं. डिसेंबर २०१८ मध्ये राज्याच्या अन्न व औषध प्रशासनाने पुणे आणि नाशिक इथून जॉन्सन्स बेबी पावडरचे नमुने घेतले. पीएच ठरलेल्या मर्यादेपेक्षा जास्त आल्याने ते ‘अप्रमाणित’ ठरले. लहान बाळांच्या पावडरीच्या भारतीय मानकात वरची मर्यादा आठची आहे. कोलकात्याच्या केंद्रीय प्रयोगशाळेनेही तोच निष्कर्ष दिला. मुलुंडच्या कारखान्याचा परवाना रद्द करण्याचा आदेश निघाला तो १५ सप्टेंबर २०२२ रोजी, आणि उत्पादन-विक्री ताबडतोब थांबवण्याचा आदेश त्यानंतर पाच दिवसांनी. कंपनी मुंबई उच्च न्यायालयात गेली. न्यायालयाने ताजे नमुने दोन सरकारी आणि एका खासगी प्रयोगशाळेत तपासायला लावले, ते सगळे मानकात बसले, आणि ११ जानेवारी २०२३ रोजी न्यायमूर्ती गौतम पटेल व न्यायमूर्ती एस. जी. डिगे यांच्या खंडपीठाने प्रशासनाचे आदेश रद्द केले. इतक्या उशिरा उचललेलं इतकं टोकाचं पाऊल न्यायालयाला अवाजवी वाटलं.

या प्रकरणावरून कुणी कंपनीला दोषी ठरवतं, कुणी प्रशासनाला. मला त्यातल्या तारखा महत्त्वाच्या वाटतात. नमुना घेतला डिसेंबर २०१८ मध्ये, कारवाई झाली सप्टेंबर २०२२ मध्ये. त्या पावणेचार वर्षांत ज्या बाळांच्या अंगाला तो डबा लागला ती बालवाडीत जाऊ लागली. याआधी २०१३ साली याच मुलुंडच्या कारखान्याचा सौंदर्यप्रसाधनांचा परवाना रद्द करण्याचा आदेश निघाला होता. कारण होतं पावडरीच्या पंधरा बॅचेस. इथिलीन ऑक्साइडने निर्जंतुक केल्यावर त्याचा अंश मागे उरला का, याची आवश्यक चाचणी झाली नव्हती. त्या बॅचेस बनल्या होत्या २००७ साली. दोन्ही वेळा डबा संपून कचऱ्यात गेल्यावर सरकारचं म्हणणं जाहीर झालं. कंपनीने जगभर टाल्कची बेबी पावडर बंद करून मक्याच्या स्टार्चकडे वळायचं ठरवलं. तो निर्णय ऑगस्ट २०२२ मधला आणि तिचा स्वतःचा होता. म्हणून ‘सरकार तपासतंच की’ या भरवशावर सहा वस्तू विकत घेणं मला पटत नाही. तपासणी हवीच, आणि नमुन्याचा निकाल लागताक्षणी तो लोकांसमोर आला पाहिजे. तोवर घराच्या हाती एकच गोष्ट उरते: वापर कमी ठेवणं.

‘आम्ही हायपोअ‍ॅलर्जेनिक पाहूनच घेतो’ असं सांगणाऱ्यांसाठी एक इतिहास. या शब्दाला अर्थ असावा म्हणून अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने १९७५ साली नियम केला: इतर उत्पादनांपेक्षा कमी अ‍ॅलर्जी होते हे चाचणीने दाखवा, मगच तो शब्द छापा. प्रसाधन कंपन्या न्यायालयात गेल्या आणि १९७७ साली तो नियम रद्द झाला. तेव्हापासून तिथे हा शब्द कंपनीच्या मर्जीवर आहे, आणि आपल्याकडच्या पाकिटांवर तो तसाच उतरला आहे. ‘त्वचारोगतज्ज्ञांनी तपासलेलं’ या ओळीतही किती जणांवर, किती दिवस, कशासाठी तपासलं हे कुठे असतं? पाकिटाची पुढची बाजू जाहिरातीची. वाचायची ती मागची.

आणि मागची बाजू वाचून खरंच उपयोग होतो. २०१४ साली ‘पेडियाट्रिक्स’ या नियतकालिकात अमेरिकेतल्या सहा मुलांची हकिगत प्रसिद्ध झाली. ढुंगणाभोवती, तोंडाभोवती न हटणारं पुरळ. मलमं झाली, अँटिबायोटिक्स झाली, गुण नाही. शेवटी पॅच टेस्टमध्ये गुन्हेगार सापडला तो ओल्या वाइप्समधला मिथाइलआयसोथायाझोलिनोन हा टिकाऊपणासाठी घातलेला पदार्थ. वाइप्स बंद केल्या आणि कातडी निवळली. पुढे युरोपीय संघाने अंगावर राहणाऱ्या प्रसाधनांत तो पदार्थ घालायला बंदी केली. डॉक्टर चोरापर्यंत पोहोचू शकले, कारण चोराचं नाव पाकिटावर छापलेलं होतं.

आपल्या सौंदर्यप्रसाधन नियम, २०२० मध्येही घटक छापण्याची सक्ती आहे. एक टक्क्याहून जास्त असलेले पदार्थ उतरत्या क्रमाने, बाकीचे नंतर. पण त्याच नियमात एक सूट आहे: ६० मिलिलिटरपेक्षा कमी द्रव आणि ३० ग्रॅमपेक्षा कमी घन किंवा मलमासारख्या पदार्थाच्या पाकिटावर ही यादी नसली तरी चालते. आता ही पाकिटं कोण घेतं ते पाहा. महिन्याचा किराणा एकदम न भरता रोजच्या कमाईवर रोजचं सामान आणणारं घर वीस ग्रॅमची ट्यूब घेतं, पन्नास मिलिलिटरची बाटली घेतं, सॅशे घेतं. वीस ग्रॅमच्या ट्यूबमधलं क्रीम शंभर ग्रॅमवाल्या ट्यूबमधल्यापेक्षा बाळाच्या गालाला वेगळं लागत नाही. तरीही मोठी ट्यूब परवडणाऱ्या घराला त्यातलं काय काय ते कळतं आणि छोटी घेणाऱ्याला कळत नाही. गरिबाच्या बाळाला पुरळ उठलं तर डॉक्टरांपुढे ठेवायला कोरं पाकीट. याला मी अन्याय म्हणतो.

‘एवढ्याशा पाकिटावर वीस नावं मावणार कुठे?’ हा यावरचा पहिला आक्षेप. युरोपात अशा वेळी चिठ्ठी, पट्टी किंवा कार्ड जोडायची सोय कायद्यातच आहे. जागा नाही म्हणून माहितीच नाही, अशी पळवाट तिथे नाही. आपल्याकडे १ ऑगस्ट २०२३ पासून मोठ्या खपाच्या तीनशे औषधांच्या वेष्टनावर क्यूआर कोड आला. औषधाच्या पट्टीवर जो मावतो तो क्रीमच्या ट्यूबवर मावणार नाही? दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे: इंग्रजीतली रासायनिक नावं किती आयांना समजणार? बहुतेकींना समजणार नाहीत, मलाही सगळी समजत नाहीत. पण रक्ताचा रिपोर्ट तरी आपल्याला कुठे समजतो? आपण तो जपून ठेवतो आणि ज्याला समजतो त्याच्यापुढे ठेवतो. शिवाय एक शब्द कुणालाही ओळखता येतो: ‘फ्रेग्रन्स’ किंवा ‘परफ्यूम’. सुगंध म्हणजे अनेक पदार्थांचं मिश्रण, ते सगळं या एका शब्दाआड दडू शकतं, आणि प्रसाधनांमुळे होणाऱ्या अ‍ॅलर्जीच्या कारणांत सुगंध वरच्या क्रमांकावर आहे. दोन वस्तूंतून एक निवडायची झाली, तर हा शब्द नसलेली उचलावी.

मग घरातली वडीलधारी म्हणतात, हे सगळं सोडा, आमचं डाळीचं पीठ, साय, हळद काय वाईट होतं? या म्हणण्यात तथ्य आहे आणि घोटाळाही आहे. तथ्य तेलात आहे. मालिशीला अकॅडमीने स्पष्ट पाठिंबा दिला आहे आणि खोबरेल, सूर्यफूल किंवा मिनरल ऑइल चालेल असं सांगितलं आहे. ढाक्याच्या शिशु रुग्णालयात अपुऱ्या दिवसांच्या बाळांना सूर्यफुलाचं तेल लावल्यावर रुग्णालयात होणारा जंतुसंसर्ग ४१ टक्क्यांनी कमी झाल्याचं ‘लॅन्सेट’ने २००५ साली छापलं होतं. पण मोहरीचं आणि ऑलिव्हचं तेल कातडीचा वरचा थर बिघडवतं, म्हणून ती टाळायला सांगितलं आहे. सूर्यफूल आणि मोहरी, ‘नैसर्गिक’ दोन्हीही आहेत. डाळीच्या पिठाचे रवाळ कण तान्ह्याच्या अंगावर घासले की लव जात नाही, कातडी मात्र खरवडली जाते. टाळू भरा, पण नाकाकानात तेल सोडू नका. बाजारच्या काजळा-सुरम्यात शिसं सापडल्याची उदाहरणं जगभर नोंदली गेली आहेत. तीट लावायचीच तर डोळ्यापासून आणि बोटापासून दूर, तळपायाला लावावी. आणि खोबरेल घेताना एवढं पाहावं की बाटली खाद्यतेलाची आहे की केशतेलाची. डिसेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने छोट्या बाटलीतलं शुद्ध खोबरेलही, केशतेल म्हणून विकलं नसेल तर, खाद्यतेलच असा निर्णय दिला. प्रश्न करआकारणीचा होता. आईच्या दृष्टीने फरक सुगंधाचा आहे: केसांसाठीच्या तेलात वास घातलेला असू शकतो, स्वयंपाकाच्या तेलात घालत नाहीत.

कमी वापरा म्हणजे काहीच लावू नका, असं मात्र नाही. एक्झिमा असलेल्या, कातडी भेगाळणाऱ्या मुलाला बिनवासाचं मऊ मलम दिवसातून दोन-तीनदा लागतं, आणि ते ‘केमिकल’ म्हणून टाळणं हा त्या मुलावर अन्याय आहे. मला भीती वाटते ती दुसऱ्याच ट्यूबची. पुरळ दिसलं की काउंटरवरून मिळणारं, दोन दिवसांत चमत्कार दाखवणारं क्रीम पुष्कळदा स्टेरॉइडचं असतं. अशी चौदा स्टेरॉइड मलमं २०१८ साली चिठ्ठीशिवाय विकायला बंदी झाली, तरी शेजारणीला गुण आला म्हणून ती एका घरातून दुसऱ्या घरात जातात. लंगोटाखाली ती अधिक शोषली जातात, कातडी पातळ करतात आणि बुरशी झाली असेल तर तिला झाकून वाढू देतात. बाळाच्या अंगावर पुरळ उठलं तर नवं काही आणण्याआधी चालू असलेलं सगळं थांबवावं, आणि दोन-तीन दिवसांत उतरलं नाही, ताप असला किंवा पाणी सुटलं तर डॉक्टरांकडे जाताना घरात लावलेल्या प्रत्येक वस्तूचं वेष्टन सोबत न्यावं, मालिशवाल्या बाईंनी आणलेल्या तेलाच्या बाटलीसकट.