भविष्यातले गटार कोण साफ करणार?

विज्ञानपटातले भविष्य कॅमेऱ्यासमोर येण्याआधी कागदावर येते. उंच इमारतीत कोण राहील, तळाला कोण राहील, भिंतीवर कोणाचा फोटो लागेल, पाणी कोणाच्या दारात येईल, हे सगळे कला विभाग रेखाटतो आणि मग सेट उभा राहतो. नट त्यानंतर येतो. म्हणून आम्ही म्हणतो, हा विभाग निव्वळ सजावटीचा नाही, तो राजकीय आहे.

२०२४ चा ‘कल्की २८९८ एडी’ पाहा. वर उलट्या पिरॅमिडसारखे श्रीमंतांचे ‘कॉम्प्लेक्स’, खाली टंचाईत होरपळणारी काशी. विषमतेचे हे चित्र बोलके आहे, कला विभागाची मेहनत आम्हाला मान्य आहे. पण मुक्ती कोणावर सोपवली? अवताराच्या जन्मावर! आणखी पावणेनऊशे वर्षांनीही माणसाने अवताराचीच वाट पाहायची? १९५६ साली नागपुरात बाबासाहेबांनी दिलेल्या २२ प्रतिज्ञांत अवतार स्पष्टपणे नाकारला आहे. यंत्रे नवी आणि मन पुराणातले, असे भविष्य आमचे नाही.

कुणी म्हणेल, करमणुकीत एवढे काय शोधायचे? त्यांनी २०१८ चा ‘ब्लॅक पँथर’ आठवावा. कधीच गुलाम न झालेला, विज्ञानात सर्वांच्या पुढे असलेला आफ्रिकी देश पडद्यावर उभा करायचा होता. हॅना बीचलर यांनी वाकांडाचे रस्ते, वस्त्या, वास्तू आफ्रिकेतल्या परंपरांतून घडवल्या. प्रॉडक्शन डिझाइनचे ऑस्कर मिळवणाऱ्या त्या पहिल्या आफ्रिकन अमेरिकन ठरल्या. ज्यांचा इतिहास पुसला, त्यांनी स्वतःचे भविष्य रेखाटले. ही करमणूक आहेच, आणि स्वाभिमानही आहे.

आपल्याकडे ‘फँड्री’ने भिंतीची ताकद दाखवली. डुक्कर वाहून नेणारे कुटुंब आणि मागे शाळेच्या भिंतीवर बाबासाहेब, सावित्रीमाई! एकही संवाद नसताना ती भिंत प्रश्न विचारते. अशी भिंत विज्ञानपटात कधी येणार?

आणि मुख्य प्रश्न हा की, त्या चकचकीत शहरात गटार कोण साफ करतो? उडत्या गाड्या दिसतात, ड्रेनेज दिसत नाही. हाताने मैला साफ करण्यास बंदी घालणारा कायदा २०१३ चा, तरी आजही आमची माणसे गटारात गुदमरून मरतात. ज्याने ही मरणे जवळून पाहिली, तो भविष्यातल्या शहराचा नकाशा काढताना आधी ड्रेनेजचे यंत्र काढेल. ज्याच्या घरात हा प्रश्न कधी आलाच नाही, त्याला ते सुचणार कसे?

पैसा लागतो, हे खरे. पण १९७७ च्या ‘स्टार वॉर्स’चे सेट सजवताना रॉजर ख्रिश्चन यांनी विमानांचे भंगार वापरले. त्यातल्या गाजलेल्या प्रकाश-तलवारीची मूठ जुन्या कॅमेऱ्याच्या फ्लॅशची होती. त्या कामाला ऑस्कर मिळाले. भंगारातून वस्तू घडवण्याचे ज्ञान आपल्या वस्त्यांत कमी आहे का? सेटवर सुतारकाम, रंगकाम, मोल्डिंग करणारे कितीतरी हात अशाच वस्त्यांतून येतात. कमी आहे ती नकाशा काढण्याच्या टेबलावरची जागा. श्रमविभागणीच्या नावाखाली श्रमिकांचीच विभागणी होते, हे बाबासाहेबांनी १९३६ सालीच दाखवून दिले. सेट ठोकणारा एक आणि सेट कल्पिणारा दुसरा, ही त्याचीच पडद्यामागची आवृत्ती आहे.

म्हणून चित्रकला येणाऱ्या, आर्किटेक्चर शिकणाऱ्या तरुण-तरुणींना आमचे आवाहन आहे. पुण्याच्या एफटीआयआयमध्ये कला दिग्दर्शनाचा अभ्यासक्रम आहे, त्याची माहिती काढा, तयारी करा. तोवर वही घ्या आणि २१०० सालची आपली वस्ती काढा. तिथली शाळा, विहार, ग्रंथालय, पाण्याची टाकी, ड्रेनेज, सगळे मापासह काढा. आपण ते काढले नाही, तर दुसरे कुणीतरी काढेल आणि त्यात आपल्याला पुन्हा गावकुसाबाहेरच ठेवेल.

जय भीम!