बारा आगवाल्यांचीही आठवण ठेवू या

इथल्या जपानी शाळेत जाणारी आपली मुले इतिहासात 'नॉर्मंटन' बोटीविषयी शिकतात. ही इंग्रजी आगबोट योकोहामाहून आपल्या कोबेला येत होती. २४ ऑक्टोबर १८८६ रोजी वाकायामाच्या किनाऱ्याजवळ वादळात ती बुडाली. कप्तान ड्रेक व गोरे खलाशी होड्यांतून सुटले. २५ जपानी उतारू मात्र सर्वच्या सर्व बुडाले. कोबेच्या ब्रिटिश कॉन्सुलेटने चौकशी करून कप्तानाला निर्दोष ठरवले. जपानभर संताप उसळला, सरकारने फिर्याद केली, तेव्हा कुठे योकोहामाच्या ब्रिटिश कोर्टाने त्याला तीन महिन्यांची कैद दिली. नुकसानभरपाई काहीच नाही. इंग्रजांवर जपानी कोर्टात खटला चालवण्याचा अधिकार जपानला १८९९ साली मिळाला.

एवढे मुलांना ठाऊक असते. पण त्याच बोटीवर भट्टीत कोळसा टाकणारे १२ हिंदी आगवालेही बुडाले, हे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? जपानी उतारूंच्या मागे त्यांचे सरकार उभे राहिले. या बारा जणांचे सरकार म्हणजे कप्तानाचेच सरकार! त्यांच्यासाठी भांडणार कोण?

ते कोकणातले की आणखी कुठले, हा प्रश्न गौण आहे. पोटासाठी समुद्र ओलांडलेली ती आपलीच माणसे. म्हणून माझी सूचना अशी : दरवर्षी २४ ऑक्टोबरच्या सुमारास मंडळाच्या कार्यक्रमात एक मिनिट त्यांच्यासाठी शांत उभे राहावे. आणि मुले 'पंचवीस' म्हणाली, की आईबाबांनी 'आणि बारा' एवढे जोडावे.